'लॉस्ट रिव्हर'ला मराठीत काय म्हणाल? हरवलेली / लुप्त / गुप्त (सरस्वती)

सानपाडाकरीण
मंडळी, मदत हवीय आणि जरा घाई आहे. शाळकरी मुलांच्या एका प्रदर्शनासाठी पाट्यांचं भाषांतर करतेय, बारा पाट्या, विषय सरस्वती नदी. पहिल्याच पाटीचं इंग्रजी शीर्षक 'लॉस्ट रिव्हर'. मी सरळ 'हरवलेली नदी' लिहिलं आणि मुलाला वाचून दाखवलं (चौथीत आहे, पाट्या त्याच्याच वयाच्या पोरांसाठी आहेत), तर तो म्हणतो "कोणी हरवलं? किती रन्सनी?" हसू आलं पण चूक त्याची नाहीये ना. तेवढ्यात सासूबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या, अगं गुप्त सरस्वती म्हणतात, हरवायला ती काय छत्री आहे. आणि आज क्लायंटकडून फाइल परत आली त्यात लाल शाईत, 'हरवलेली' ही बोलीभाषा आहे, 'लुप्त' वापरा.
मला लुप्त म्हटलं की डायनासोर आठवतात. तुम्ही काय वापराल? आणि हो, सातव्या पाटीवर पॅलिओचॅनल आहे, त्याला मुलांना कळेल असा शब्द सुचवा.

तीनहातनाका
यात चर्चा करण्यासारखं काय आहे? लुप्त. पाणिनीचं सूत्र आहे, अदर्शनं लोपः (1.1.60). लोप म्हणजे दिसेनासं होणं, संपणं नव्हे. संधीत अकाराचा लोप होतो तेव्हा अवग्रह (ऽ) लिहितो ना आपण? अकार मेलेला नसतो, त्याची जागा असते, तो दिसत नाही इतकंच. सरस्वतीला याहून अचूक शब्द मिळणार नाही. डायनासोरला 'नामशेष' म्हणावं, ते लोक लुप्त लिहितात ही त्यांची चूक.

सानपाडाकरीण
काका, चौथीतल्या पोराला अवग्रह माहीत नाही हो :)

तीनहातनाका
मग शिकवा. पाट्या कशासाठी लावतात?

पाचपाखाडी
नाकावाले, अदर्शनावरच जायचं तर 'नष्ट'सुद्धा घ्या की मग. धातुपाठात, म्हणजे पाणिनीय धातूंच्या यादीत, 'णश अदर्शने' आहे, म्हणजे नश् चा मूळ अर्थही दिसेनासं होणं. महाभारतात शल्यपर्वात बलराम तीर्थयात्रा करत विनशनाला पोचतो तिथे शब्दच तो आहे, 'यत्र नष्टा सरस्वती'. विनशन हे त्या जागेचं नाव, जिथे नदी वाळूत शिरते ती जागा. म्हणजे व्यासांच्या संस्कृतात 'लॉस्ट' ला शब्द आहे नष्ट. लावता का पाटीला 'नष्ट नदी'? मराठी वाचणारा म्हणेल कोणीतरी सुरुंग लावला. संस्कृतात काय होतं ते ठीक, ठाण्यात आज त्याचा काय अर्थ होतो ते बघायला नको का.
शिवाय तिथे कारणही दिलंय, शूद्र आणि आभीर यांच्या द्वेषामुळे ती नाहीशी झाली. वनपर्वात निषादांचं नाव येतं, त्यांनी मला ओळखू नये म्हणून जमिनीत शिरली. म्हणजे त्या काळच्या सांगणाऱ्यांच्या मते ही ना हरवलेली ना लुप्त, ही रुसून गेलेली. आणि रुसण्याचं कारण वाचून आपल्याला काय वाटायचं ते वाटो.

खारघरहून
सासूबाईंना माझा पाठिंबा. मी मूळची कोल्हापूरची. आमची पंचगंगा म्हणजे कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि पाचवी सरस्वती, ती गुप्त. प्रयाग चिखलीला संगम आहे, लहानपणी आजोबा तिथे बोटाने दाखवायचे, ही ही ही ही, आणि मग नुसताच हात पाण्यावरून फिरवून "आणि ही". कुणी विचारलं नाही कुठेय म्हणून. उत्तरेतल्या प्रयागला जे आहे तेच आमच्याकडे. गुप्त म्हणजे आत्ता आहे, वाहतेय, फक्त दिसत नाही. लुप्त म्हणजे होती. दोन्ही वेगळे शब्द आहेत आणि दोन्ही हवेत.

तीनहातनाका
गुप् धातूचा अर्थ रक्षण करणे. गुप्त म्हणजे मुळात राखलेलं.

खारघरहून
असेल. गुप्तधन खणायला जाणाऱ्याला सांगा.

राजापूरकर_कळव्यात
आमच्या राजापूरच्या गंगेचं सांगतो. उन्हाळे गावापासून जवळच आहे, चौदा कुंडं आणि मूळ गंगा, एरवी कोरडं ठाक असतं आणि साधारण तीन वर्षांनी कधीतरी पाणी येतं. आता शब्द बघा. पेपरवाले लिहितात गंगामाईचं आगमन, मग निर्गमन, नाहीतर गंगा अंतर्धान पावली. घरात मात्र कुणी असं बोललेलं मी ऐकलं नाही. काकांचा फोन यायचा कळव्याला, पहिलं वाक्य "गंगा आली रे". आणि महिन्या-दीड महिन्याने "गेली". बस. माहेरवाशिणीसारखं. एकदा मी उशिरा पोचलो, पाणी गेलेलं, काशीकुंडाच्या तळाशी दगडांच्या फटीत ओल होती तेवढी, आजीने त्यात बोटं बुडवून माझ्या डोळ्यांना लावली. आजी म्हणाली गेली, पण लांब नाही. तिने लुप्त गुप्त काही म्हटलं नाही.
तर माझं मत, 'गेलेली नदी'. पण पाटीवर वाईट दिसेल, माणूस गेल्यासारखं.

नेरूळ_भूगर्भ
सगळे शब्दांवर भांडताय, नदीचं काय झालं ते कुणी बघायचं? पहिलं म्हणजे 'लॉस्ट रिव्हर' हे आपलं नाहीच, ते ओल्डहॅम नावाच्या इंग्रज डॉक्टरने 1874 मध्ये कलकत्ता रिव्ह्यूत लिहिलेल्या लेखाच्या मथळ्यातून रूढ झालं, भारतीय वाळवंटातली हरवलेली नदी असा तो मथळा. हरवली कुणाची, तर नकाशा काढणाऱ्यांची. आपण त्यांच्या हरवण्याला दीडशे वर्षं शब्द शोधतोय.
दुसरं, बरेच लोक जिला सरस्वती मानतात ती घग्गर-हाक्रा. शिवालिकात उगम, हरियाणा, राजस्थानात हनुमानगड, मग पलीकडे चोलिस्तानात हाक्रा. कालीबंगन तिच्याच काठी. पावसाळ्यात आजही घग्गरला पाणी असतं, म्हणजे लुप्त पूर्ण झालेलीच नाही. तिला मिळणारा एक ओढा आहे, कुरुक्षेत्र पेहोव्याकडून येतो, त्याला तिथले लोक सरसुती म्हणतात. नाव जिवंत, पाणी अधूनमधून. सतलज पूर्वी या पात्रातून वाहायची, 2017 च्या एका अभ्यासाप्रमाणे ती साधारण 8000 वर्षांपूर्वीच दूर सरकली, म्हणजे हडप्पाची शहरं वसली ती सोडलेल्या पात्राच्या काठी. 2019 चा दुसरा अभ्यास म्हणतो की नाही, 9000 ते 4500 वर्षांपूर्वी घग्गर बारमाही होती. भांडण चालू आहे. त्यात काही लोक म्हणतात ऋग्वेदातली सरस्वती मुळात अफगाणिस्तानातली, पारशांच्या अवेस्ता या धर्मग्रंथात हरख्वैती येते, स चा ह.
तर शब्द घटनेप्रमाणे निवडा. मोठी नदी दूर गेली असेल तर 'पात्र सोडलं', पाऊस कमी झाला असेल तर 'आटली', वाळूत शिरली असेल तर 'जिरली'. विनशनाला साधं मराठी म्हणजे जिरण्याची जागा. आणि ताई, पॅलिओचॅनल = जुनं पात्र. एवढंच पुरे.

तीनहातनाका
'जिरली'! देवी सरस्वतीची जिरली! खोड जिरते, मस्ती जिरते. अम्बितमे नदीतमे देवितमे म्हणून जिला ऋषी हाक मारतात तिच्याबद्दल हा शब्द?

नेरूळ_भूगर्भ
पाणी अडवा पाणी जिरवा, ही घोषणा भिंतीभिंतीवर होती, तेव्हा नाही कुणाची अब्रू गेली.

आगरीपोर_ऐरोली
मी एक विचारू का, जिरणं आणि मुरणं यात फरक काय? आमच्याकडे भातशेती होती, खाजणं होती, खाडीला बांध आणि उघाडी, आता सगळी भरणी होऊन वर सेक्टर झाले ते सोडा. आजी म्हणायची पानी जिरला, आणि कधी म्हणायची पानी मुरला. मला दोन्ही एकच वाटायचं.

पाचपाखाडी
लोणचं मुरतं, अन्न जिरतं. म्हणजे मुरणारं टिकून असतं, जिरणारं खलास. 'पाणी कुठंतरी मुरतंय' म्हणतो तेव्हा ते आत कुठेतरी आहेच की, उघड होत नाही इतकंच. त्या हिशोबाने सरस्वती मुरली! कालिदासाने रघुवंशात (3.9) सुदक्षिणा गरोदर असताना तिला 'अन्तःसलिला सरस्वती' ची उपमा दिलीय, वर शुष्क दिसते पण पोटात पाणी. लोणच्यापेक्षा बरी उपमा आहे पण कल्पना तीच.

तीनहातनाका
कालिदास आणि लोणचं. धन्य.

पनवेल_लोकल
लोणच्यावरून आठवलं. सारस्वत नाव याच नदीवरून आलं म्हणतात ना, शल्यपर्वातच गोष्ट आहे, बारा वर्षं दुष्काळ, बाकीचे ऋषी अन्नाच्या शोधात पांगले, सारस्वत मुनी नदीकाठीच राहिला आणि सरस्वती त्याला मासे पुरवत राहिली, म्हणून वेद त्याच्या लक्षात राहिले आणि बाकीच्यांना त्याने परत शिकवले. म्हणजे आमच्या आईला मार्केटमध्ये सुरमईचा भाव विचारताना एवढा अधिकार कुठून येतो ते कळलं.

सानपाडाकरीण
हे सगळं मस्त आहे पण मला उद्या दुपारपर्यंत फाइल द्यायचीय. पात्र सोडलेली की जिरलेली की लुप्त? 'हरपलेली' कसं वाटतं? भान हरपतं, छत्र हरपतं, त्यात कोणी कुणाला हरवत नाही.

खारघरहून
हरपलेली छान आहे, पण निधनाच्या बातमीसारखं वाटतं.

राजापूरकर_कळव्यात
आमच्याकडे कोकणात सांडणे म्हणजे पण हरवणे. पैसे सांडले म्हणजे पडून गेले. 'सांडलेली नदी' घ्या, वाळूत सांडली.

तीनहातनाका
'सांडलेली' हे पुण्या-मुंबईच्या मुलाला चहा सांडल्यासारखं वाटेल. प्रमाणभाषा नावाची काही गोष्ट असते.

राजापूरकर_कळव्यात
प्रमाणभाषेत माझी आजी कधीच नव्हती, तरी तिची गंगा यायची.

पाचपाखाडी
विषय निघालाच आहे तर सरस् म्हणजे तळं, सरस्वती म्हणजे पुष्कळ तळी असलेली. घग्गरच्या पात्रात पाणी थांबून डबकी राहतात त्यावरूनच नाव असावं असं काहींचं मत. आणि तळ्यांचं शहर कुठलं? आपलं ठाणं! मासुंदा, कचराळी, उपवन. आणि तिकडे सरसुतीच्या काठी गाव कुठलं? ठाणेसर! आता बोला :D

तीनहातनाका
बोलतो. आपलं ठाणं श्रीस्थानक, शिलाहारांच्या ताम्रपटांत ते नाव आहे, स्थानक वरून ठाणे. ठाणेसर हे स्थाण्वीश्वर, स्थाणू म्हणजे शिव, हर्षवर्धनाच्या घराण्याचं मूळ गाव. दोन्ही शेवटी स्था धातूपासून, तेवढंच नातं. पोलीस ठाणंही त्यातलंच, मग तेही नेऊन बसवा सरस्वतीकाठी.

पाचपाखाडी
शेवटी एकाच धातूचे ना? झालं तर.

नेरूळ_भूगर्भ
तांड्य ब्राह्मण या वैदिक ग्रंथात विनशनापासून प्लक्ष प्रास्रवणापर्यंत, म्हणजे नदीच्या उगमापर्यंत, घोड्याच्या चालीने 44 दिवस लागतात असं दिलंय. घोडबंदर रोडला संध्याकाळी सात वाजता निघणाऱ्यांना हा आकडा समजेल.

सानपाडाकरीण
फाइल पाठवली. शीर्षकात 'लुप्त' ठेवलं कारण क्लायंट ऐकेना, आतल्या मजकुरात मात्र 'पुढे ती वाळूत जिरत गेली' लिहिलंय आणि सातव्या पाटीवर 'जुनं पात्र'. मुलाला वाचून दाखवलं. जिरत गेली वर काही विचारलं नाही, पण लुप्त वर विचारलं "म्हणजे लपली?"

पाचपाखाडी
बघा! लपणे हे लुप् पासूनच आलेलं असणार.

तीनहातनाका
असणार म्हणजे? लुप् चा अर्थ धातुपाठात छेदने आहे, लपण्याशी संबंध दाखवा. ध्वनी जुळला की व्युत्पत्ती झाली हे बंद करा.

पाचपाखाडी
तुम्हीच वर म्हणालात लोप म्हणजे अदर्शन. लपलेला माणूस दिसतो का?

आगरीपोर_ऐरोली
काल गावात गेलो होतो, आजीला विचारलं. म्हणाली, पानी जिरला म्हंजे गेला. मुरला म्हंजे हाय, खनला का लागतो.

राजापूरकर_कळव्यात
आमच्याकडे बरोबर उलटं वापरतात. जिरलेलं पाणी विहिरीला लागतं, मुरलेलं लागत नाही.