अथर्वशीर्षात गणपतीच कर्ता, धर्ता, हर्ता. मग ब्रह्मा-विष्णू-महेश काय करतात?

मुक्ता२२

नमस्कार मंडळी. माझी भाची नऊ वर्षांची आहे, सुट्टीत माझ्याकडे असते आणि संध्याकाळी दिवा लावला की आम्ही दोघी अथर्वशीर्ष म्हणतो. मी एक ओळ म्हणायची, तिने मागून म्हणायची, असं करत आता जवळजवळ पाठ झालंय तिचं. परवा मध्येच थांबली आणि म्हणाली, मावशी, 'त्वमेव केवलं कर्तासि, त्वमेव केवलं धर्तासि, त्वमेव केवलं हर्तासि' म्हणजे काय गं? मी सांगितलं, तूच एकटा सगळं करणारा, तूच सांभाळणारा, तूच नेणारा. तर लगेच, "पण तूच सांगितलं होतंस ना की ब्रह्मदेव जग बनवतो, विष्णू सांभाळतो आणि शंकर संपवतो, मग गणपतीच सगळं करतो तर हे तिघं काय करतात?"

मला खरंच उत्तर देता आलं नाही. उद्या सांगते म्हटलं. मग पुढे 'सर्वं जगदिदं त्वयि लयमेष्यति' आलं, त्याचा अर्थ सांगितल्यावर तर तिचा चेहराच पडला. "म्हणजे सगळं बुडणार? मग गणपती पण बुडतो का?"

तिला काहीतरी थातुरमातुर सांगून गप्प करायचं नाहीये मला. आणि तिच्यामुळे मलाच प्रश्न पडलेत. शंकर संपवतो असं आपण सहज म्हणतो, मग संपवणाऱ्याला भोळा का म्हणतो, पिंडीवर एवढ्या मायेने पाणी का घालतो? आणि अजून एक, पूजेत गुरुजी संकल्प सांगतात त्यात 'द्वितीये परार्धे', 'श्वेतवाराहकल्पे' असं काय काय येतं, त्याचा या उत्पत्ती-लयाशी संबंध आहे का? ज्यांचा अभ्यास आहे त्यांनी जरा नीट समजावून सांगा प्लीज.

सह्यकडा

सोपं आहे की. ब्रह्मा उत्पत्ती, विष्णू स्थिती, महेश लय. तिघं मिळून त्रिमूर्ती. घारापुरीच्या लेण्यात तीच तीन तोंडांची मूर्ती आहे, भाचीला एकदा दाखवून आणा म्हणजे डोक्यात पक्कं बसेल. अथर्वशीर्ष गणपतीचं आहे म्हणून त्यात गणपतीला सगळं दिलंय, स्तोत्रात असं असतंच.

अनुस्वार

सह्यकडा, घारापुरीचं तेवढं दुरुस्त करतो कारण हा समज फार पसरलाय. ती मूर्ती ब्रह्मा-विष्णू-महेशांची नाही, एकट्या शंकराची आहे, सदाशिवाची, साधारण सहाव्या शतकातली. समोर उभं राहिलात की मधला चेहरा डोळे मिटलेला, एकदम शांत, तो तत्पुरुष, शिवाच्या मुखांपैकी एक. तुमच्या डाव्या हाताचा मिशीवाला, उग्र, हातात साप, तो अघोर म्हणजे भैरव. आणि उजव्या हाताचा अगदी कोवळा, बाईसारखा नाजूक, हातात कमळ, तो वामदेव, काही जण त्याला उमाही म्हणतात. म्हणजे सांभाळणारा चेहरा आणि संहाराचा चेहरा एकाच खांद्यांवर आहेत, आणि मधला दोघांच्या मध्ये डोळे मिटून बसलाय. मी पहिल्यांदा पाहिली तेव्हा बराच वेळ हललोच नव्हतो तिथून. भाचीला न्याच, पण हे सांगून न्या.

मुक्ताताई, भाचीने पकडलंय ते अगदी बरोबर पकडलंय. पुराणांत तीन देवांची वाटणी आहे हे खरं, पण ज्याला परमेश्वर मानलंय त्याच्याकडे तिन्ही कामं येतात, प्रत्येक परंपरेत. गीतेच्या सातव्या अध्यायात कृष्ण म्हणतो, 'अहं कृत्स्नस्य जगतः प्रभवः प्रलयस्तथा', सगळ्या जगाचा उगम मी आणि प्रलयही मीच. सप्तशतीत तर खुद्द ब्रह्मदेवच देवीला म्हणतो की हे जग तू निर्माण करतेस, तू पाळतेस आणि शेवटी तूच गिळतेस. शैवांकडे तीन नाही, पाच कामं आहेत: सृष्टी, स्थिती, संहार, तिरोभाव म्हणजे झाकून ठेवणं, आणि अनुग्रह. नटराजाच्या मूर्तीत पाचही दिसतात बघा, डमरूतून सृष्टी, अभय देणाऱ्या हातात स्थिती, दुसऱ्या हातातल्या ज्वाळेत संहार, टेकलेल्या पायात तिरोभाव आणि उचललेल्या पायात अनुग्रह. म्हणून मला 'स्तोत्रात मोठं केलंय' हे पटत नाही. अथर्वशीर्षातच पुढे 'त्वं ब्रह्मा त्वं विष्णुस्त्वं रुद्रस्त्वम्' आहे ना, म्हणजे ते तिघं बाजूला सारलेले नाहीत, ती त्याचीच नावं आहेत असं तिथे सरळ म्हटलंय. तैत्तिरीय उपनिषदात भृगू आपल्या वडिलांना, वरुणाला विचारतो की मला ब्रह्म शिकवा, तेव्हा वडील कुठल्याच देवाचं नाव घेत नाहीत. ज्याच्यातून हे सगळं जन्मतं, ज्याच्यामुळे जगतं आणि ज्याच्यात परत शिरतं ते शोध, एवढंच सांगतात आणि मुलगा तपाला बसतो.

आता शंकर 'संपवतो' याबद्दल. आपण संहार शब्द मारामारीच्या अर्थाने वापरतो, पण शब्द फोडून बघा, सम् आणि हृ, एकत्र आवरून घेणं. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात कासव आपले पाय-डोकं आत ओढून घेतं त्याला 'संहरते' हेच क्रियापद आहे, 'यदा संहरते चायं कूर्मोऽङ्गानीव सर्वशः'. कासवाने पाय आत घेतले म्हणजे पाय गेले का? मुंडक उपनिषदात कोळ्याचा दाखला आहे, तो आपल्यातूनच धागा काढतो आणि परत आपल्यातच ओढून घेतो. नऊ वर्षांच्या मुलीला हे दोन दाखले लगेच कळतील, कासव तर हाताची मूठ करून पण दाखवता येईल. अख्खं जग थकून आल्यावर जो आवरून कुशीत घेतो त्याला भोळा नाही म्हणायचं तर काय म्हणायचं.

जुनं_पंचांग

वा, अनुस्वार यांनी कासवाचं मस्त सांगितलं. मी संकल्पाचं सांगतो कारण तो माझा आवडीचा विषय आहे. संकल्प म्हणजे आपला पत्ता आहे, आधी काळाचा पत्ता आणि मग जागेचा.

कलियुग ४,३२,००० वर्षांचं. द्वापर त्याच्या दुप्पट, त्रेता तिप्पट, कृत म्हणजे सत्ययुग चौपट. चारांची बेरीज ४३,२०,००० वर्षं, हे एक महायुग. अशी १,००० महायुगं म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, त्यालाच कल्प म्हणतात, ४३२ कोटी वर्षं. रात्र पण तेवढीच. असे ३६० दिवस-रात्र म्हणजे त्याचं एक वर्ष आणि त्याचं आयुष्य १०० वर्षं. त्यातली निम्मी म्हणजे एक परार्ध. 'द्वितीये परार्धे' म्हणजे ब्रह्मदेवाची पन्नाशी उलटलीय, ५१व्या वर्षाचा पहिला दिवस चालू आहे, त्या दिवसाचं नाव श्वेतवाराह. एका दिवसात १४ मनू, म्हणजे मानवजातीचे मूळपुरुष, होतात, प्रत्येकाची ७१ महायुगं. आत्ताचा वैवस्वत हा सातवा, त्याचं २८वं महायुग, त्यातलं कलियुग, त्याचा पहिला चरण. कलियुग इ.स.पू. ३१०२ला लागलं असं पंचांगकर्ते धरतात, म्हणजे त्याची जेमतेम ५ हजारांवर वर्षं झालीत. या कल्पाची सगळी मिळून साधारण १९७ कोटी वर्षं होऊन गेलीत, म्हणजे ब्रह्मदेवाची अजून दुपारही झालेली नाही. भाचीला हे नक्की सांगा, तिची काळजी कमी होईल.

एवढा सगळा प्रचंड आकडा सांगून झाला की गुरुजी एका दमात 'दंडकारण्ये देशे गोदावर्याः दक्षिणे तीरे' किंवा 'उत्तरे तीरे' म्हणतात, मग शालिवाहन शक, संवत्सर, महिना, तिथी, वार, आणि मग तुमचं गोत्र आणि नाव. परार्धापासून निघून थेट पाटावर पळीभर पाणी हातात घेऊन बसलेल्या माणसापर्यंत. मी लहानपणी वडिलांशेजारी बसून हे ऐकायचो तेव्हा अंगावर काटा यायचा, आजही येतो.

प्रलयाचं थोडक्यात. दिवस मावळला की होतो तो नैमित्तिक प्रलय. त्यात तिन्ही लोक जळतात, मग मेघ वर्षानुवर्षं कोसळत राहतात, सगळीकडे एकच पाणी आणि त्यावर शेषावर विष्णू झोपलेला. पण त्यांच्या वरची जगं राहतात, महर्लोकातले रहिवासी आच सोसेना म्हणून जनलोकात जातात असं विष्णुपुराणात आहे. सकाळ झाली की वराहरूपाने पृथ्वी पाण्यातून वर काढायची, म्हणून आजच्या दिवसाचं नाव वाराह. नवीन सृष्टी म्हणजे काहीतरी वेगळंच असंही नाही, संध्येत अघमर्षणाला म्हणतात त्यात 'सूर्याचन्द्रमसौ धाता यथापूर्वमकल्पयत्' आहे, सूर्य-चंद्र पूर्वी होते तसेच केले.

अवांतर: देवांची पदं पण बदलतात. पुढच्या मन्वंतरात, म्हणजे पुढच्या मनूच्या काळात, इंद्र कोण तर बळी. आपण पाडव्याला 'इडा पिडा टळो, बळीचं राज्य येवो' म्हणतो ना, पुराणांप्रमाणे ते येणार आहेच.

मुक्ता२२

बापरे, किती सुंदर लिहिलंय दोघांनी. कासव तर लगेच करून दाखवलं तिला, मूठ उघड-मीट करत बसलीय. पण एक अडलंय. दिवस मावळल्यावरचं कळलं. ब्रह्मदेवाची १०० वर्षं भरली की तो पण जातो ना? मग राहतं कोण? तिचा 'गणपती पण बुडतो का' तिथेच येऊन अडकतो.

गोदाकाठ

मुक्ताताई, मी फार शिकलेली नाही या विषयात पण कीर्तनं पुष्कळ ऐकलीत, तिथलं सांगते. ब्रह्मदेवाची वर्षं भरल्यावर होतो तो प्राकृत प्रलय. त्यात नुसती आग-पाणी नसतं, एकेक तत्त्व दुसऱ्यात विरघळतं. पृथ्वीचा गंध पाणी घेतं की पृथ्वी पाण्यात मिळाली, पाण्याची चव तेज घेतं, तेजाचं रूप वारा घेतो, वाऱ्याचा स्पर्श आकाश घेतं, असं करत शेवटी सगळं मूळ प्रकृतीत आणि तीही परमात्म्यात. ब्रह्मदेवही त्यात आला. मग राहतं ते ज्याच्यात मिळालं ते. 'त्वयि लयमेष्यति' मधला 'त्वयि' महत्त्वाचा आहे, कुठे लय तर तुझ्यात. गणपतीची मूर्ती, सोंड, मोदक हे रूप विरघळेल पण ज्याला ती 'तू' म्हणते तो बुडत नाही, सगळं त्याच्यात बुडतं.

आणि तिला मार्कंडेयाची गोष्ट सांगा. महाभारताच्या वनपर्वात तो स्वतः युधिष्ठिराला सांगतो. सगळं पाणीच पाणी झालंय, झाड नाही, माणूस नाही, हा एकटा पोहून पोहून दमलाय, आणि त्याला पाण्यात एक वड दिसतो आणि वडाच्या फांदीवर एक लहान बाळ. बाळ म्हणतं, दमला आहेस, ये, माझ्यात विसावा घे, आणि तोंड उघडतं. मार्कंडेय आत जातो तर आत सगळं जग जसंच्या तसं. गावं, डोंगर, हिमालय, नद्या. नद्यांची नावं येतात तिथे, गंगा, यमुना, नर्मदा, आणि त्यात गोदावरी पण आहे! वर संकल्पात जी गोदावरी आली तीच बाळाच्या पोटात वाहतेय. शंभराहून जास्त वर्षं फिरला तरी त्याला त्या पोटाचा अंत लागला नाही. हे कीर्तनात ऐकलं तेव्हा मी रडले होते, माझं गाव त्या नदीवरच आहे.

अजून एक, दरवर्षी आपण करतोच की हे. मातीचा गणपती आणायचा, प्राणप्रतिष्ठा करायची, दहा दिवस जीव लावायचा आणि पाण्यात सोडायचा. येताना पाट रिकामा आणत नाहीत, त्यावर तिथली मूठभर वाळू किंवा माती घेऊन येतात. तिने बघितलं असेल.

सह्यकडा

घारापुरीचं माहीत नव्हतं, लहानपणापासून त्रिमूर्ती म्हणूनच ऐकत आलो. आता परत जाऊन मिशीवाला चेहरा नीट बघणार. अनुस्वार, आभारी आहे.

मुक्ता२२

गोदाकाठ, काल रात्री झोपताना मार्कंडेयाची गोष्ट सांगितली. तो आत गेला तिथपर्यंत ती गप्प ऐकत होती, मग म्हणाली, म्हणजे आत आपलं घर पण असेल. मी हो म्हटलं. आज दिव्यापाशी 'लयमेष्यति' ला थांबली नाही, पुढचं 'त्वयि प्रत्येति' पण स्वतःहून म्हणाली, माझ्या मागून नाही. वाळूचं तिला आठवतंय, मागच्या वर्षी पाट तिनेच धरला होता.

आता नवीन प्रश्न आहे तिचा. बळी इंद्र झाला की आत्ताचा इंद्र कुठे जातो? जुनं_पंचांग, तुम्हाला माहीत असेल तर लिहा, ती विचारत बसलीय.