आईबाबा राहायला आले की डिप्रेशनच्या गोळ्या लपवायच्या का?

निशिगंधा:
आईबाबा 12 दिवस राहून काल परत गेले. मी दीड वर्ष डिप्रेशनच्या गोळ्या घेतेय, त्यांना पत्ता नाही. ते यायच्या आदल्या रात्री सगळ्या स्ट्रिप्स मोज्यांत कोंबल्या, मग रोज बाथरूममध्ये नळ सोडून गोळी काढायची, कारण रात्रीच्या शांततेत फॉइल फुटल्याचा आवाज केवढा येतो! मधे तीन दिवस आई माझ्याच खोलीत झोपली, गोळी घेताच आली नाही, चौथ्या दिवशी मान वळवली की डोक्यात करंट बसल्यासारखं व्हायला लागलं आणि आई म्हणतेय बीपी तपासून घे. तरी माझं मत हेच, सांगू नये. आपलंच काहीतरी चुकलं असं घेऊन बसतील, या वयात जिवाला घोर कशाला?

पाऊलवाट:
अजिबात पटलं नाही. तीन दिवस गोळी चुकवलीस, मग घोर कोणाच्या जिवाला? या गोळ्या अशा एकदम तोडायच्या नसतात गं, बंद करायच्या असल्या तरी डॉक्टर डोस हळूहळू उतरवतात, तो करंट त्याचाच असणार, डॉक्टरांना आजच सांग. दुसरं म्हणजे हा आजार घराण्यात असू शकतो. डॉक्टरांनी मला विचारलं होतं घरात कोणाला होतं का, मी नाही म्हणून मोकळा झालो. आईला सांगितलं तेव्हा कळलं, माझ्या जन्मानंतर ती स्वतः वर्षभर रडत होती, कोणी डॉक्टरकडे नेलंच नाही.

काठावरची:
तुझी आई तशी होती म्हणून. मी सांगितलं आणि पस्तावले. बाबा प्रत्येक फोनवर विचारायचे, अजून चालूच का, सवय लागेल, मन खंबीर कर. शेवटी कंटाळून मी आपल्या मनाने बंद केल्या आणि तीन महिन्यांत परत जिथली तिथे. निशिगंधा, खुशाल लपव, पण डॉक्टरांना विचारून वेळ सकाळची करून घे. आणि व्हिटॅमिनच्या बाटलीत वगैरे भरून ठेवू नकोस, माझ्या मैत्रिणीच्या आईने तसल्या बाटलीतली गोळी खाल्ली होती.

पाऊलवाट:
बाटलीचं एकदम मान्य. पण बाबा चुकीचं बोलले म्हणजे सांगणंच चुकलं असं नाही होत, त्यांना एकदा डॉक्टरांसमोर बसवायला हवं होतं.

काठावरची:
बसवलं होतं. घरी येऊन तेच.

निशिगंधा:
डॉक्टरांशी बोलले, वेळ सकाळची करून दिली. मघाशी आईचा फोन होता, चक्कर थांबली का विचारायला. माझं काही सांगितलं नाही, पण आजीबद्दल विचारलं. ती बराच वेळ गप्प होती, मग म्हणाली, फोनवर नको, आले की सांगते.