जॉन मेस्टन यांचे श्रेय

‘गनस्मोक’ या अमेरिकी वेस्टर्न मालिकेविषयीच्या एका चर्चेत तिच्या वास्तवदर्शी प्रकृतीचे श्रेय नायकाची भूमिका करणाऱ्या जेम्स आर्नेस यांच्या अभिनयाला आणि सॅम पेकिनपा यांच्या पटकथांना दिले आहे, मात्र पेकिनपांच्या त्या पटकथांपैकी अनेक मुळात जॉन मेस्टन यांच्या नभोनाट्यांची रूपांतरे होती, हे येथे नोंदवणे मला अत्यावश्यक वाटते. कोलोरॅडोतील प्वेब्लो येथे जन्मलेल्या मेस्टन यांनी नॉर्मन मॅकडॉनेल यांच्यासह १९५२ मध्ये सीबीएस या अमेरिकी प्रसारण कंपनीच्या रेडिओवर ही मालिका सुरू केली, आणि १९५५ मध्ये ती दूरचित्रवाणीवर आल्यावर सुरुवातीच्या अर्ध्या तासाच्या भागांना कथांचा पुरवठा प्रामुख्याने त्यांच्याच रेडिओ-संहितांमधून झाला. पहिलाच भाग पाहावा: मार्शल (कायदा राखणारा अधिकारी) मॅट डिलन पहिल्या चकमकीत हरतो, गंभीर जखमी होतो, आणि प्रतिस्पर्ध्याचा वेग फक्त जवळच्या अंतरावरच घातक आहे हे ओळखल्यानंतरच दुसऱ्यांदा त्याला सामोरा जातो. नायकाला आरंभीच असे पाडण्याचे धैर्य त्या काळी दुर्मीळ होते. ही मालिका १९७५ पर्यंत चालली, परंतु माझ्या मते तिचे सर्वांत कसदार लेखन मेस्टन यांच्या त्या छोट्या, कठोर कथांमध्येच आहे.