स्कोडा रॅपिडच्या कोडिंगसाठी व्हीसीडीएस की ओबीडीइलेव्हन?

प्रश्न (जुळे सोलापूर):
नमस्कार. वेग घेताच दरवाजे आपोआप बंद व्हावेत आणि चावीच्या बटणाने चारही काचा उतराव्यात, एवढेच बदल मला हवे आहेत. उन्हात उभी राहिलेली गाडी आपल्याकडे भट्टीसारखी तापते, म्हणून काचांची सोय मला फार महत्त्वाची वाटते. यासाठी गाडीच्या संगणकातील सेटिंग बदलावी लागते, म्हणजेच कोडिंग करावे लागते. त्याकरिता व्हीसीडीएस आणि ओबीडीइलेव्हन या दोन साधनांपैकी कोणते घ्यावे?

उत्तर १ (होटगी रस्ता):
माझ्या मते व्हीसीडीएस. त्याला विंडोजचा लॅपटॉप लागतो आणि सुरुवातीचा खर्च जास्त आहे. परंतु लाँग कोडिंगमधील (सेटिंगांच्या लांब सांकेतिक मालिकेतील) कोणता बिट, म्हणजे चालू-बंद करायचा अंक, काय करतो, हे बहुतेक ठिकाणी शब्दांत लिहिलेले दिसते, त्यामुळे आपण नेमके काय बदलत आहोत याची समज येते. लॅपटॉप गाडीला जोडणारी केबल घेताना ती किती गाड्यांपुरती आहे, हे मात्र पाहावे.

उत्तर २ (विजापूर रस्ता):
दोनच बदलांसाठी ओबीडीइलेव्हन पुरेसे आहे. ते ब्लूटूथने मोबाइलला जोडले जाते, आणि तयार बदल अ‍ॅपमधील क्रेडिट (गुण) खर्चून एका स्पर्शात करता येतात. स्वतः लाँग कोडिंग करायचे असल्यास सशुल्क योजना घ्यावी लागते.

उत्तर ३ (सात रस्ता):
साधन कोणतेही घ्या, परंतु आधी गाडीचा पूर्ण स्कॅन (दोषांची तपासणी) करून मूळ कोडिंग जतन करा. माझ्या गाडीत ते न नोंदवताच एका कारागिराने बदल केले आणि पूर्वस्थिती आणण्यात दोन दिवस गेले. जुनी बॅटरी असेल तर काम चालू असताना चार्जर जोडून ठेवा, कारण लिहिताना व्होल्टेज घसरले तर मॉड्यूलमध्ये (गाडीतील नियंत्रण संगणकात) दोष नोंदवला जाऊ शकतो.

प्रश्नकर्ता:
आभारी आहे. ओबीडीइलेव्हन घेतो, आधी बॅटरी तपासून घेईन.