मदत हवी आहे: घरात 'बस' म्हटलं की बसते, दार उघडलं की बहिरी होते

सांजवात (धागाकर्ती)

नमस्कार. कुत्री पाळणाऱ्यांकडून सल्ला हवा आहे.

आमची चिंगी दहा महिन्यांची आहे, वजन साधारण सहा किलो. आई कोपऱ्यावरच्या किराणावाल्यांची पांढरी झुबकेदार 'पोमेरेनियन' (आपल्याकडे सगळे पोमेरेनियन म्हणतात आणि निघते बहुधा इंडियन स्पिट्झ), वडील गल्लीतले कुणीतरी. आईचे केस आणि बापाचे पाय घेऊन आली आहे. आम्ही नाशिकला तिसऱ्या मजल्यावर राहतो. घरात मी, नवरा, नववीतली मुलगी आणि सासूबाई.

'बस' तिला येतं. मुलीने व्हिडिओ बघून शिकवलं, हातात खाऊ दिसला की चुटकीसरशी बसते. शेकहँडही करते, ज्याचा आम्हाला शून्य उपयोग आहे. घोडं अडलंय ते पुढे.

एक म्हणजे दार. बेल वाजली की ही आमच्या आधी दाराशी, आणि जरा फट दिसली की जिन्यावरून थेट पार्किंगमध्ये. तिथे अख्ख्या बिल्डिंगला ऐकू जाईल एवढ्या जोरात 'ये, ये' केलं तरी लांब उभी राहून बघत बसते. आपण दोन पावलं पुढे गेलो की ती चार पावलं मागे. शेवटी दोघातिघांनी कोपऱ्यात घेरून उचलून आणायची आणि वर आल्यावर तिला ओरडा. गेटबाहेर रिक्षा-टेम्पोंचा रस्ता आहे, त्यामुळे जीव टांगणीला लागतो.

दुसरं, उड्या. घरात कुणी आलं की मांडीपर्यंत उड्या मारते. आमचं ठीक आहे, पण सासूबाईंची जानेवारीत गुडघ्याची वाटी बदलली आहे. काठी घेऊन चालताना ही पायात आली तर? या धास्तीने स्वयंपाकघरात असले तरी माझा एक कान हॉलमध्ये असतो.

एका ट्रेनरना विचारलं होतं. पैसे आवाक्याबाहेर होतेच, वर पहिली खरेदी म्हणून गळ्याला आवळणारी साखळी आणायला सांगितली. ती मला पटली नाही.

तर, हाक मारल्यावर येणं आणि दाराशी थांबणं घरच्या घरी शिकवता येतं का? दहा महिने म्हणजे उशीर झाला का? आणि 'मिक्स' कुत्री हट्टीच असतात हे खरं का? शेजारचे काका रोज ऐकवतात.

माळरान

उशीर वगैरे काही झालेला नाही, वय मात्र अडनिडं आहे. सहा-सात महिन्यांपासून वर्ष-दीड वर्षापर्यंत कुत्री येत असलेलंही विसरल्यासारखी वागतात. काकांना सांगा, हट्टाचा आणि जातीचा संबंध नाही. तिला 'ये' ऐकून येण्यात फायदा दिसत नाहीये, एवढंच.

आधी काही गोष्टी सांगा. माजावर येऊन गेली का? खायला काय आणि किती वेळा? गळ्यात पट्टा घालता की हार्नेस? आणि दिवसभरात 'ये' कशाकशासाठी म्हणता? शेवटच्याचं उत्तर नीट आठवून द्या.

सांजवात

माजावर गेल्या महिन्यात येऊन गेली. ऑपरेशन करायचंय, डॉक्टर म्हणाले अजून दोन-तीन महिने थांबू. रेबीजसकट लसी झाल्या आहेत. खाणं दोन वेळा, भात-चिकन किंवा पाकिटातले दाणे. शिवाय सासूबाईंच्या ताटातली पोळी, दोन्ही वेळा. ती बंद करणं माझ्या हातात नाही. गळ्यात साधा पट्टा.

'ये' कशासाठी? जेवायला नाही, भांडं वाजलं की आपणच येते. आंघोळीला, कानात औषध घालायला, बाल्कनीतून आत घेऊन दार लावायला, आणि पार्किंगमधून वर न्यायला.

हं. लिहिता लिहिताच काहीतरी दिसायला लागलंय.

कडक_चहा

एवढं मानसशास्त्र कशाला? आमच्या लहानपणी पेपरची गुंडाळी करून एक फटका दिला की कुत्रं आयुष्यभर ऐकायचं. आमचा मोत्या बारा वर्षं जगला. साखळीलाही उगाच घाबरता. झटका बसला की कळतं.

शेवग्याची_शेंग

चहा काका, मोत्या वाड्यात मोकळा होता, त्याला तिसऱ्या मजल्यावरून पळून जायला जिनाच नव्हता :)

गंमत सोडा. सहा किलोच्या कुत्रीला आवळणारी साखळी अजिबात नको. छोट्या जातींत, त्यातही पोमकडच्यांत, श्वासनलिकेच्या कूर्चा कमकुवत असू शकतात. नळी चपटी होते आणि कुत्रं हंसासारखं कर्कश खोकत राहतं. गळ्यावरचे झटके त्यात भर घालतात. छातीवरून जाणारा हार्नेस घ्या. पट्टा राहू द्या, पण पत्त्याचा बिल्ला अडकवायला.

आणि फटक्याचं म्हणाल तर पार्किंगमधून पकडून आणून ओरडल्यावर ती काय शिकते? 'पळू नये' नाही. ती शिकते की हातात सापडलं की बोलणी बसतात. म्हणून तर लांब उभी राहते.

माळरान

शेंगताईंनी माझं अर्धं काम केलं. आता तुमच्या यादीकडे बघा: आंघोळ, कानातलं औषध, बाल्कनीचं दार, खेळ बंद. तुमच्या घरात 'ये'चा अर्थ 'आता मजा संपली' असा झाला आहे आणि चिंगीने तो अगदी बरोबर ओळखलाय. हुशार आहे, शंकाच नको.

म्हणून तो शब्द सोडून द्या. नवा घ्या, 'इकडे' किंवा 'पटकन', घरातले सगळे न विसरता म्हणतील असा कुठलाही. तो उच्चारला की तिचं भलंच झालं पाहिजे, प्रत्येक वेळी. आंघोळ घालायचीय? हाक न मारता जाऊन उचलून आणा.

सुरुवात हॉलमध्ये, दोन पावलांवरून. शब्द एकदाच म्हणायचा. ती वळली की दोन पावलं मागे सरका. कुत्रं पळणाऱ्याच्या मागे येतं, अंगावर येणाऱ्यापासून लांब जातं, म्हणून पार्किंगमध्ये तुमच्या पुढे सरकण्याचा उलटा परिणाम होतो. पोचली की हळूच हार्नेसला हात लावा, मग खाऊ, आणि लगेच सोडून द्या: 'जा, खेळ.' हे सोडणं खाऊइतकंच महत्त्वाचं आहे. आलं म्हणजे पकडलं गेलं, ही तिची समजूत त्यानेच मोडते. हार्नेसला हात आधी आणि खाऊ नंतर, हा क्रमही सांभाळा, नाहीतर खाऊ उचलून निसटणारी कुत्री तयार होते.

वेळेचंही बघा. बक्षीस सेकंदभरात मिळालं तर कशाचं ते तिला कळतं. खाऊ फ्रिजमधून काढेपर्यंत ती उठून खाजवत असेल तर खाजवण्याचं बक्षीस मिळालं. म्हणून योग्य क्षणी आधी एक ठरलेला आवाज करायचा आणि मग खाऊ. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बी. एफ. स्किनर यांनी 1951 साली सायंटिफिक अमेरिकन मासिकात सामान्य वाचकांसाठी हेच लिहिलं होतं, टिकटिक करणारं खेळणं वापरून. विकत काही आणू नका, जिभेने 'टॉक्' केलं तरी चालतं. फक्त त्या आवाजानंतर खाऊ हमखास मिळाला पाहिजे.

एका वेळी तीन-चार मिनिटं, दिवसातून दोन-तीनदा, जेवणाआधी. ती कंटाळायच्या आत तुम्ही थांबा.

हॉलमध्ये जमलं म्हणजे पार्किंगमध्ये जमलं असं नाही. कुत्र्यांना एका जागी शिकलेलं दुसऱ्या जागी आपोआप लागू करता येत नाही. मुलीसमोर हॉलमध्ये बसणारी चिंगी तुमच्या नवऱ्यासमोर जिन्यात बसेलच असं नाही, करून बघा. म्हणून हॉल, मग पॅसेज, मग जिन्याचा मधला टप्पा, मग वर्दळ नसताना पार्किंग. पार्किंगमध्ये पहिले काही आठवडे हार्नेसला पाच-सात मीटरची दोरी हवीच.

शेवग्याची_शेंग

दाराचं मी सांगते, आमच्या टिपूबरोबर हेच भोगलंय.

कुणी आलेलं नसताना सराव करा, बेल खरी वाजल्यावर शिकवणी होत नाही. चिंगीला दोरी लावून मुलीच्या हातात द्या. तुम्ही कडीला हात लावा. ती बसून राहिली तर 'टॉक्', खाऊ. मग कडी काढा. मग दार बोटभर. उठली की दार शांतपणे बंद, रागावणं नाही. दार उघडण्याची किल्ली आपल्याच बुडाखाली आहे हे तिला उमगलं की गंमत बघा. तोवर पॅसेजमध्ये लहान मुलांसाठी मिळतं तसलं जाळीचं फाटक लावा, म्हणजे शिकवणी पूर्ण व्हायच्या आधी कुरियरवाला आला तरी घोळ होणार नाही.

उड्यांसाठी सासूबाईंनाच मास्तरीणबाई करा. मी गंमत करत नाही. पोळी बंद होणार नाही ना? मग तीच वापरा. ताटातून देण्याऐवजी पोळीचे हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे वाटीत घेऊन त्यांनी खुर्चीत बसायचं. चिंगी जवळ आली आणि चारही पाय जमिनीवर असले की तुकडा जमिनीवर टाकायचा, हातातून नाही. खाऊ खाली मिळतो म्हटल्यावर कुत्रं वर कशाला बघेल? उडी मारली तर तोंड फिरवून गप्प. हे फक्त बसून हं. त्या चालत असताना चिंगी फाटकामागे किंवा दोरीवर. नव्या गुडघ्यावर प्रयोग नकोत.

तेवढा हिशेब सांभाळा. सहा किलोच्या कुत्रीला दिवसाला साधारण 400 कॅलरी पुरतात आणि वरखाऊ त्याच्या दहा टक्क्यांत बसवावा. एक पोळी शंभराच्या आसपास जाते, तूप वेगळं. म्हणजे रोज अर्ध्या पोळीच्या आतच. 'बस'सारख्या सोप्या कामाला पोळी, पार्किंगमध्ये येण्यासारख्या अवघड कामाला उकडलेलं चिकन, बिनमिठाचं, बिनकांद्याचं. कांदा-लसूण, चॉकलेट, द्राक्षं, मनुका तोंडाला लागू देऊ नका. तुमच्या नाशकात द्राक्षांचं जास्तच सांभाळा.

वास्तुदोष

सोसायटीने लिफ्टमध्ये कुत्रा न्यायला बंदी केली तर काय करावं? आमच्याकडे नोटीस लागली आहे.

माळरान

भारतीय पशुकल्याण मंडळाची 2015 सालची मार्गदर्शक सूचना शोधा, लिफ्टचा मुद्दा तीत आहे. पण त्यासाठी वेगळा धागा काढा, इथे चिंगी हरवेल.

कडक_चहा

ते जिभेने 'टॉक्' करायचं आमच्या नातवाच्या कुत्र्यावर करून पाहिलं. कुत्रं आलं, नातूही आला. गुंडाळीचा मुद्दा मी मागे घेत नाही, पण हे चालतंय असं दिसतं.

सांजवात

सगळ्यांना धन्यवाद. आता थोडा वृत्तांत.

फाटक लावलं, निम्मी धास्ती तिथेच गेली. नवा शब्द 'पळ पळ' ठरला, सासूबाईंनी सुचवला. तो रागाने म्हणताच येत नाही, आपोआप हसू येतं. दाराचं आश्चर्यकारक लवकर जमलं. कडी वाजली की आता आपणहून बसते आणि माझ्याकडे बघते. मुलगी दारात असली की अजून चुळबुळते, कारण मुलगी स्वतःच किंचाळत आत येते. आधी तिला शिकवावं लागणार.

सासूबाईंची शाळा जोरात आहे. दुपारी चारला वाटी घेऊन बसतात आणि मला सांगतात, 'तू मध्ये बोलू नकोस, तिचं लक्ष जातं.' उड्या त्यांच्यासमोर जवळपास बंद, पाहुण्यांसमोर चालूच.

अडचण पार्किंगची. दोरी लावून नेते, 'पळ पळ'ला चारपाचदा छान येते. पण गाड्यांखाली एक मांजर असतं. ते दिसलं की चिकनही नाकाला लावून उपयोग नाही, बघतसुद्धा नाही. अशा वेळी पुन्हा पुन्हा हाक मारू का? आणि नायलॉनची दोरी हाताला कापते, काय वापरता?

माळरान

मांजर दिसल्यावर हाक मारू नका. ती येणार नाही हे तुम्हाला आधीच माहीत आहे, आणि जितक्यांदा न येता निभावेल तितका नवा शब्दही जुन्याच्या वाटेने जाईल. तेव्हा गप्प राहून दोरी धरून लांब चालत जा. जिथे ती खाऊकडे बघायला लागेल तिथे थांबा. तीस फुटांवर जमलं तर आजचा सराव तीस फुटांवरच, मांजराची हालचाल नसताना. दुसऱ्या दिवशी एखादं पाऊल पुढे. आलीच, तर मूठभर चिकन एकेक करून, हात आखडता घेऊ नका.

कधी दोरीशिवाय निसटलीच, तर मागे धावू नका. तिच्याकडे पाठ करून किंवा आडवं वळून खाली उकिडवं बसा आणि जमिनीवर काहीतरी सापडल्यासारखं करा. छोटी कुत्री अंगावर वाकणाऱ्या माणसाला बिचकतात, खाली बसलेल्याकडे चौकशीला येतात. नंतर ओरडा नाही, कितीही राग आला तरी.

दोरी सुती घ्या, करंगळीएवढी जाड. मधे मधे गाठी मारा म्हणजे हातातून सरकत नाही. आत गुंडाळली जाणारी डबीतली दोरी नको, ती सतत ताणलेली राहते आणि हातातून सुटली की डबी खडखडत तिच्याच मागे येते. सुती दोरी पावसात भिजून जड होते, तर सध्या दोन ठेवा.