ताफा रिअर ॲडमिरलच्या हाती, मग व्हाइस ॲडमिरलच्या हाती काय?

प्रश्न – शाळेचा फलक

नमस्कार. मी सिंधुदुर्ग जिल्ह्यातील एका माध्यमिक शाळेत इतिहास शिकवतो. २०२३ साली ४ डिसेंबरचा नौदल दिन आमच्याच जिल्ह्यात, तारकर्लीच्या किनाऱ्यावर साजरा झाला, आणि तेव्हापासून आमच्या मुलांना युद्धनौकांविषयी जे कुतूहल लागले आहे ते अजून ओसरलेले नाही. यंदा आम्ही नौदलातील वरिष्ठ हुद्द्यांचा एक मोठा फलक तयार करत आहोत आणि त्यात मी तीन ठिकाणी अडलो आहे.

पहिली अडचण अशी की पश्चिम नौदल कमांडचे प्रमुख व्हाइस ॲडमिरल असतात आणि पश्चिमी ताफ्याचे प्रमुख रिअर ॲडमिरल असतात, असे वर्तमानपत्रांत वाचायला मिळते. दोघांचेही ठिकाण मुंबईच. नववीतील एका मुलीने मला सरळ विचारले, "सर, मग जहाजं नक्की कोणाच्या हाताखाली असतात?" मला खात्रीचे उत्तर देता आले नाही. दुसरी अडचण 'रिअर' या शब्दाची आहे. रिअर म्हणजे मागचा. मग आघाडीवर जाणाऱ्या ताफ्याच्या सेनानीला मागचा ॲडमिरल का म्हणावे? तिसरी गोष्ट आमच्या अधिक जवळची आहे. कान्होजी आंग्रे यांना आपण सर्रास 'मराठ्यांचे ॲडमिरल' म्हणतो. सरखेल (मराठा आरमाराच्या प्रमुखाचे पद) आणि ॲडमिरल हे शब्द फलकावर शेजारी शेजारी लिहिले तर ते बरोबर ठरेल का? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

उत्तर १ – निवृत्त नौसैनिक, पुणे

गुरुजी, आपल्या विद्यार्थिनीचा प्रश्न नेमका आहे. मी संदेश विभागात नोकरी केली आणि त्यातली काही वर्षे पश्चिमी ताफ्याच्या जहाजांवर गेली, म्हणून आधी पहिल्या अडचणीविषयी लिहितो.

हुद्दा आणि नेमणूक या दोन निराळ्या गोष्टी आहेत. ॲडमिरल, व्हाइस ॲडमिरल, रिअर ॲडमिरल हे हुद्दे झाले. नौदलप्रमुख, कमांडचे प्रमुख, ताफ्याचे प्रमुख या नेमणुका झाल्या. आपल्या नौदलात पूर्ण ॲडमिरल म्हणजे चार ताऱ्यांचा अधिकारी, आणि नौदलप्रमुखाचा हुद्दा हाच असतो. त्यांच्या खाली मुंबई, विशाखापट्टणम आणि कोची अशा तीन कमांड आहेत आणि प्रत्येकीच्या शिरोभागी तीन ताऱ्यांचा व्हाइस ॲडमिरल असतो. यांपैकी कोचीच्या कमांडचे मुख्य काम प्रशिक्षणाचे आहे. समुद्रावर जाऊन लढणारे ताफे दोन, पश्चिमी आणि पूर्वेकडील, आणि त्यांचे नेतृत्व दोन ताऱ्यांचा रिअर ॲडमिरल करतो.

कमांड म्हणजे केवळ जहाजे नव्हेत. गोदी, दारूगोळ्याची कोठारे, रुग्णालये, विमानतळ, किनाऱ्यावरचे तळ, पाणबुड्या, तटरक्षणाची आखणी आणि त्या सगळ्यांवर काम करणारी हजारो माणसे हा सारा पसारा कमांडचे प्रमुख सांभाळतात, आणि ताफा हा त्यांच्या हातातील धारदार भाग असतो. म्हणूनच पश्चिमी ताफ्याला त्या कमांडचा तलवारीचा हात म्हणण्याची नौदलात रीत आहे. व्हाइस ॲडमिरल किनाऱ्यावरच्या मुख्यालयातून संपूर्ण सागरी क्षेत्राचा विचार करतो, तर रिअर ॲडमिरल जहाजावर चढून ताफ्याबरोबर समुद्रात जातो. तेव्हा त्या मुलीला असे सांगावे की जहाजे ताफ्याच्या प्रमुखाच्या हाताखाली असतात आणि तो प्रमुख कमांडच्या प्रमुखाच्या हाताखाली असतो.

१९७१ चे युद्ध घेतले तर ही उतरंड माणसांसकट डोळ्यांसमोर उभी राहते. दिल्लीत नौदलप्रमुख ॲडमिरल नंदा होते, मुंबईत पश्चिम कमांडचे प्रमुख व्हाइस ॲडमिरल कोहली होते, आणि समुद्रावर पश्चिमी ताफा रिअर ॲडमिरल कुरुविला यांच्याकडे होता. ४ डिसेंबरच्या रात्री निपात, निर्घात आणि वीर या लहानशा नौकांनी कराचीवर क्षेपणास्त्रे डागली, त्या वेळी त्यांच्या स्क्वाड्रनचे प्रमुख बबरू भान यादव स्वतः त्या मोहिमेत होते आणि त्यांचा हुद्दा कमांडरचा, म्हणजे लष्करातील लेफ्टनंट कर्नलच्या बरोबरीचा, होता. पूर्वेकडे विशाखापट्टणमला व्हाइस ॲडमिरल कृष्णन आणि ताफ्यावर रिअर ॲडमिरल शर्मा अशीच जोडी होती. त्यांचा पूर्वेकडील ताफा तर १ नोव्हेंबर १९७१ रोजी, युद्धाच्या जेमतेम महिनाभर आधी, उभा राहिला होता.

एक आठवण सांगितल्याशिवाय राहवत नाही. ताफ्याचे प्रमुख ज्या जहाजावर चढत, त्याच्या डोलकाठीवर त्यांचा ध्वज चढवण्याचे काम आमच्या विभागाकडे असे. तो ध्वज वर गेला की ते जहाज फ्लॅगशिप झाले. ते उतरून दुसऱ्या जहाजावर गेले की ध्वज उतरत असे आणि तिकडे चढत असे. या वरिष्ठांना फ्लॅग ऑफिसर म्हणतात ते यामुळेच. परंतु ॲडमिरल जहाजावर असतानाही ते जहाज चालवण्याची जबाबदारी त्या जहाजाच्या कॅप्टनचीच राहते. ॲडमिरल दहा जहाजांनी कोठे जावे हे ठरवतो, सुकाणूविषयीचे हुकूम तो देत नाही. नव्याने आलेल्या पोरांना ही गोष्ट समजायला थोडा वेळ लागत असे.

फलकावर कॅप्टन हा हुद्दा दाखवणार असाल तर एक काळजी घ्यावी. नौदलातील कॅप्टन हा लष्करातील कर्नलच्या बरोबरीचा असतो, लष्करातील कॅप्टनच्या नव्हे. पुष्कळ बातम्यांत हा घोटाळा होतो आणि विनाशिकेची जबाबदारी वाहणारा अधिकारी वाचकाला कोणी कनिष्ठ वाटतो. याचे मला नेहमी वाईट वाटते.

उत्तर २ – पोर्ट्समथकर

'रिअर' या शब्दाविषयी मी लिहितो, कारण ज्या गावात तो शब्द जहाजांवर वापरला गेला त्याच गावात मी गेली अनेक वर्षे राहतो.

ॲडमिरल हा शब्द मुळात अरबी 'अमीर' या शब्दावरून युरोपात गेला. शिडांच्या काळात इंग्रजांचा मोठा ताफा एका लांब रांगेत चालत असे आणि त्या रांगेचे तीन भाग पडत. मधल्या भागात स्वतः ॲडमिरल असे, कारण तेथून पुढे आणि मागे दोन्हीकडे खुणेचे बावटे दिसत. आघाडीचा भाग त्याच्या दुय्यमाकडे, म्हणजे व्हाइस ॲडमिरलकडे, असे आणि पिछाडीचा भाग रिअर ॲडमिरलकडे. पिछाडीला शत्रूशी गाठ पडण्याची शक्यता सर्वांत कमी, म्हणून ती तिघांतल्या कनिष्ठाला दिली जाई. पुढे ताफे वाढले, लाल, पांढरा आणि निळा असे तीन रंगांचे विभाग झाले, आणि प्रत्येक रंगात पुन्हा हे तीन हुद्दे आले. रंगांची ही पद्धत १८६४ साली बंद झाली, परंतु पिछाडीचे नाव तेवढे हुद्द्याला चिकटून राहिले. आज रिअर ॲडमिरल ताफ्याच्या अग्रभागी असला तरी त्या नावात शिडांच्या रांगेची आठवण शिल्लक आहे.

हुद्द्याच्या उंचीवरून पराक्रम मोजू नये, हेही मुलांना अवश्य सांगावे असे मला वाटते. १८०५ साली ट्रफाल्गरला नेल्सनच्या हाताखाली २७ मोठी लढाऊ जहाजे होती आणि तरीही तो व्हाइस ॲडमिरलच होता. पूर्ण ॲडमिरल होण्यापूर्वीच त्याच लढाईत तो मरण पावला. त्याचे व्हिक्टरी हे जहाज आमच्या गोदीत जपून ठेवले आहे आणि ज्या जागी तो पडला तेथे पाटी लावलेली आहे. १९४२ च्या जूनमध्ये मिडवेच्या लढाईत अमेरिकेची विमानवाहू जहाजे लढवणारे फ्लेचर आणि स्प्रूअन्स हे दोघेही रिअर ॲडमिरल होते.

कोणता ताफा कोणत्या हुद्द्याकडे जातो हे त्या ताफ्याच्या आकारावर आणि त्या देशाच्या रचनेवर अवलंबून असते. अमेरिकेचा पॅसिफिक ताफा चार ताऱ्यांच्या ॲडमिरलकडे असतो आणि त्याचे मुख्यालय पर्ल हार्बरला आहे. त्याच्या पोटातील सातवा ताफा जपानमधील योकोसुका येथून तीन ताऱ्यांचा व्हाइस ॲडमिरल चालवतो. पाच ताऱ्यांचा फ्लीट ॲडमिरल हा हुद्दा तर अमेरिकेने दुसऱ्या महायुद्धाच्या काळात निर्माण केला आणि तो लेही, किंग, निमिट्झ आणि हॅल्सी या चौघांनाच मिळाला. भारतीय नौदलात त्या तोडीचा हुद्दा आजवर कोणालाही दिला गेलेला नाही. लष्करात करिअप्पा आणि माणेकशा हे फील्ड मार्शल झाले, वायुदलात अर्जन सिंग हे मार्शल झाले. नौदलाची ती जागा रिकामी आहे.

उत्तर ३ – आरमाराचा अभ्यासक, अलिबाग

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मी जरा सावधपणे देतो, कारण कान्होजींविषयीच्या प्रेमापोटी आपण सगळेच येथे घाई करतो.

सरखेल हे आरमाराच्या सर्वोच्च अधिकाऱ्याचे पद होते, एवढ्या अर्थाने त्याची तुलना ॲडमिरलशी करता येते. कान्होजींच्या आधी सिधोजी गुजर यांच्याकडे ही सरखेली होती. १७१३ साली बाळाजी विश्वनाथांच्या मध्यस्थीने कान्होजी शाहू महाराजांच्या बाजूला आले, तेव्हा महाराजांनी त्यांची सरखेली मान्य केली आणि त्यांच्या ताब्यातील किल्लेही त्यांच्याकडे ठेवले. येथेच ही तुलना तुटते. इंग्रज ॲडमिरलला ताफा राजाकडून मिळत असे आणि नेमणूक संपली की तो परत करावा लागे. सरखेलाच्या हाती जहाजांबरोबर किल्ले, त्यांचा मुलूख आणि समुद्रावर दस्तके, म्हणजे जहाजांना ये-जा करण्याचे परवाने, देण्याचा हक्क असे, आणि त्या उत्पन्नातून तो आपले आरमार पोसत असे. शिवाय ते पद घराण्यात चालले. १७२९ साली कान्होजी वारले, मग सेखोजी आणि त्यानंतर संभाजी सरखेल झाले. पुढे भाऊबंदकीत मानाजींनी कुलाबा धरला आणि त्यांना वजारतमाआब हा वेगळा किताब मिळाला. निवृत्त होणारा, बदली होणारा आजचा ॲडमिरल हा या चौकटीत बसत नाही.

ताफ्याच्या रचनेचा विचार मात्र आपल्याकडे स्पष्ट होता. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे राज्यकारभारावरील त्यांच्या ग्रंथात, आरमाराला स्वतंत्र राज्यांग म्हटले आहे आणि पाच गुराबा व पंधरा गलबते मिळून एक सुभा करावा, असे त्यात सांगितले आहे. गुराब म्हणजे तोफा वाहणारे जड जहाज आणि गलबत म्हणजे वल्ह्यांवरही चालणारे हलके, चपळ जहाज. दोन्हींचे प्रमाण ठरवून एका अधिकाऱ्याच्या आज्ञेत ते ठेवायचे, ही आजच्या ताफ्याचीच कल्पना आहे. माझ्या मते मुलांच्या फलकावर सरखेल आणि ॲडमिरल यांच्यामध्ये बरोबरीचे चिन्ह काढण्यापेक्षा हा सुभा जहाजांच्या चित्रांसह दाखवला तर त्यातून अधिक शिकायला मिळेल.

आपल्या जिल्ह्यातील विजयदुर्गाचाही उल्लेख करावा. १७५५ साली सुवर्णदुर्गावर चालून आलेला जेम्स हा कमोडोर, म्हणजे ॲडमिरलच्या खालच्या दर्जाचा अधिकारी, होता आणि पुढच्या वर्षी फेब्रुवारीत पेशव्यांच्या संगनमताने विजयदुर्ग जाळून-फोडून घेणारा वॉटसन हा ॲडमिरल होता. तुळाजी आंग्रे यांचे आरमार तेथे जळाले. ज्या हुद्द्यांविषयी आपण येथे लिहीत आहोत, ते कोकणच्या किनाऱ्याला प्रथम तोफांच्या तोंडून कळले, हे मला विसरता येत नाही.

शाळेचा फलक

आपणा तिघांचे मनापासून आभार. दोन बाबी अजून विचारतो. गोव्यात रिअर ॲडमिरल असतात असे ऐकतो. मग त्यांच्याकडे कोणता ताफा असतो? आणि ताफ्याचे नेतृत्व करणारे कोणी मराठी अधिकारी होते का?

उत्तर ४ – निवृत्त नौसैनिक, पुणे

गोव्यातील रिअर ॲडमिरलकडे ताफा नसतो. ते गोवा क्षेत्राचे प्रमुख असतात आणि नौदलाच्या हवाई शाखेचे कामही त्यांच्याकडेच असते, कारण दाबोळीचा हंसा हा तळ तेथे आहे. महाराष्ट्र, कर्नाटक आणि गुजरात या क्षेत्रांनाही असे प्रमुख आहेत, मुंबईच्या गोदीलाही रिअर ॲडमिरल असतो. हुद्दा एकच, पण समुद्रात ताफा घेऊन जाण्याचे भाग्य फार थोड्यांच्या वाट्याला येते. म्हणूनच नौदलात त्या नेमणुकीला एवढा मान आहे.

मराठी अधिकाऱ्यांपैकी भास्कर सदाशिव सोमण यांचे नाव प्रथम लिहावे. १९६१ च्या डिसेंबरमध्ये गोवा मुक्त झाला, तेव्हा रिअर ॲडमिरल सोमण हे भारतीय ताफ्याचे प्रमुख होते. त्या काळी ताफा एकच होता आणि त्याला पश्चिमी ताफा हे नाव १९६८ साली मिळाले. जून १९६२ मध्ये सोमण नौदलप्रमुख झाले तेही व्हाइस ॲडमिरल म्हणूनच, कारण नौदलप्रमुखाला पूर्ण ॲडमिरलचा हुद्दा मार्च १९६८ मध्ये चॅटर्जी यांच्यापासून मिळू लागला. पुढे जयंत नाडकर्णी १९८७ ते १९९० या काळात नौदलप्रमुख होते, ते चार ताऱ्यांचे ॲडमिरल.

शेवटी चित्रांविषयी. जुन्या पुस्तकातून खांद्यावरची पदचिन्हे काढू नयेत. तारकर्लीच्या त्या सोहळ्यातच नव्या पदचिन्हांची घोषणा झाली आणि २९ डिसेंबर २०२३ रोजी त्यांचे स्वरूप जाहीर झाले. त्यांत वरती नौदलाचे सोनेरी बटण आहे, शिवछत्रपतींच्या राजमुद्रेवरून घेतलेला अष्टकोन आहे, तलवार आणि दुर्बीण आहे, आणि त्यानंतर तारे आहेत. रिअर ॲडमिरलला दोन, व्हाइस ॲडमिरलला तीन आणि ॲडमिरलला चार तारे काढा. अष्टकोन मात्र तिघांनाही सारखाच येईल.