राग कुणाचाच नाही, पण बंदिश?

षड्जपंचम :
'पोन्नियिन सेल्वन २' या चित्रपटातलं 'वीरा राजा वीरा' हे गाणं आपल्या वडिलांच्या आणि काकांच्या (डागर बंधूंच्या) 'शिवस्तुती' या बंदिशीवरून, म्हणजे रागात बांधलेल्या रचनेवरून घेतलं, असा दावा ध्रुपद गायक उस्ताद फैयाज वासिफुद्दीन डागर यांनी संगीतकार ए. आर. रहमान यांच्याविरुद्ध केला. एप्रिल २०२५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी २ कोटी रुपये जमा करायला आणि श्रेयनामावलीत डागर बंधूंची नावं घालायला सांगितलं. सप्टेंबरमध्ये खंडपीठाने तो अंतरिम आदेश रद्द केला.

मला पहिलाच आदेश पटतो. 'शिवस्तुती' ज्या रागात आहे तो अडाणा सगळ्यांचा आहे, त्यावर वाद नाही. पण अडाण्यात कुठे थांबायचं, कुठला शब्द समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) आणायचा, हे कुणीतरी बसवलेलं असतं. ती त्या माणसाची निर्मिती आहे.

वसंतबहार :
बसवलं कुणी, इथेच तर घोडं अडलं. एखादी चीज (बंदिश) गायली म्हणजे ती रचली असं होत नाही, हा खंडपीठाचा मुद्दा मला बिनतोड वाटतो. भातखंड्यांच्या 'क्रमिक पुस्तकमालिका' या बंदिशींच्या संग्रहात कितीतरी बंदिशींचे रचनाकार कळत नाहीत. उद्या ज्याचं सर्वात जुनं ध्वनिमुद्रण तोच मालक, असं ठरलं तर? गायक भास्करबुवा बखले यांनी १९१६ च्या 'संगीत स्वयंवर' नाटकात बंदिशींच्या चालींवर पदं बांधली. तेव्हा असा दंडक असता तर ते नाटक उभंच राहिलं नसतं.

षड्जपंचम :
बुवांनी ती विद्या नत्थनखाँ, अल्लादियाखाँ यांच्यासारख्या उस्तादांसमोर बसून मिळवली होती. आणि जी विद्या तोंडी चालते तिच्या रचनेचा कागद आणायचा कुठून? कायदा कागदच मागणार असेल तर घराणी कायम हरणार.

मालगुंजी :
एक गोष्ट राहतेय. डागरवाणी (डागर घराण्याची गायकी) परंपरेतल्या ध्रुपदावर, म्हणजे त्या जुन्या गायनप्रकारातल्या रचनेवर आधारित, असं श्रेय चित्रपटात आधीपासून होतं. म्हणजे ऋण नाकारलेलं नव्हतं.

षड्जपंचम :
परंपरेचं नाव दिलं, माणसांचं नाही! परंपरा मानधन मागायला येत नाही.

वसंतबहार :
माणसांचं नाव जरूर द्यावं, पण मालकी नको. आपल्याकडे रचनाकाराच्या मृत्यूनंतरही ६० वर्षं हक्क राहतो. तेवढा काळ ध्रुपदाच्या प्रत्येक विद्यार्थ्याने वारसांची परवानगी काढून मंचावर बसायचं का?

षड्जपंचम :
विद्यार्थी वेगळा, कोट्यवधींचा चित्रपट वेगळा. न्यायालयाला तो फरक करता येतो. गुरूंच्या स्वतःच्या रचना ज्यांच्याकडे आहेत, त्यांनी त्या नाव आणि तारखेसह आत्ताच स्वरलिपीत उतरवून ठेवाव्यात.